अ‍ॅमस्टरडॅमचे अ‍ॅन फ्रँक हाउस: पाहावेच, पण तयारीने

प्रिन्सेनग्राख्त कालव्याकाठच्या २६३ क्रमांकाच्या इमारतीत, डायरीमुळे जगाला माहीत झालेल्या अ‍ॅनचे वडील ओट्टो फ्रँक यांच्या कचेरीमागच्या भागात, ६ जुलै १९४२ ते ४ ऑगस्ट १९४४ या काळात आठ ज्यू माणसे नाझींपासून लपून राहिली होती. तेथील संग्रहालयाची तिकिटे केवळ ऑनलाइन मिळतात. सहा आठवड्यांनंतरच्या भेटीच्या तिकिटांची विक्री दर मंगळवारी खुली होते आणि ती हातोहात संपतात, त्यामुळे ‘तिकडे गेल्यावर बघू’ हा आपला नेहमीचा खाक्या येथे चालत नाही.

पुस्तकांच्या, बिजागरीवर फिरणाऱ्या कपाटामागून आत शिरल्यावर खोल्या रिकाम्याच दिसतात. लपलेल्यांच्या अटकेनंतर सामान उचलून नेले गेले, आणि ओट्टो यांच्याच इच्छेनुसार ते पुन्हा मांडलेले नाही. हा निर्णय मला फार योग्य वाटला, कारण त्यामुळे नजर भिंतींवर खिळते: अ‍ॅनने चिकटवलेली नटनट्यांची चित्रे, मित्रराष्ट्रांच्या फौजांची आगेकूच टिपण्यासाठी टाचण्या टोचलेला फ्रान्समधील नॉर्मंडीचा नकाशा आणि मुलींची उंची मोजल्याच्या पेन्सिलखुणा. लपून राहिलेल्या त्या काळात अ‍ॅन तेरा सेंटिमीटरहून अधिक वाढली, हे त्या खुणांवरून कळते.

माझी तक्रार आहे ती भेटीच्या वेगाबद्दल. मागून रांग पुढे सरकत असते आणि लपणे हा या कुटुंबाचा शेवटचा उपाय होता, ही गोष्ट त्या घाईत निसटून जाते. ओट्टो यांनी १९३८ मध्येच रॉटरडॅमच्या अमेरिकी वकिलातीत व्हिसासाठी अर्ज केला होता. मे १९४० च्या जर्मन बॉम्बहल्ल्यात तेथील कागदपत्रे नष्ट झाली. १९४१ मध्ये त्यांनी अमेरिकेतील कॉलेजमित्र नेथन स्ट्रॉस यांच्याकडे मदत मागितली, पण त्याच उन्हाळ्यात जर्मनव्याप्त प्रदेशातील अमेरिकी वकिलाती बंद झाल्या. १ डिसेंबरला क्यूबाचा व्हिसा मंजूर झाला खरा. जर्मनीने अमेरिकेविरुद्ध युद्ध पुकारताच, अवघ्या दहा दिवसांत, तोही रद्द झाला. पुढे अ‍ॅनची थोरली बहीण मार्गोट हिला श्रमछावणीचे बोलावणे आले आणि दुसऱ्याच दिवशी सर्वांनी घर सोडले.

जिने अतिशय उभे असल्याने गुडघेदुखी असलेल्यांनी आधी विचार करावा. छायाचित्रे काढण्यास मनाई आहे, ते बरेच आहे. शक्य असल्यास अर्ध्या तासाच्या इंग्रजी प्रास्ताविकासह मिळणारे तिकीट घ्यावे.