१,२९९ रुपयांत ‘१६ टीबी’

मोबाईलवरच्या जाहिरातीत एसएसडी होती, म्हणजे फोटो-व्हिडिओ साठवायला बाहेरून जोडायची ड्राइव्ह, १६ टीबीची (१६ हजार जीबी), फक्त १,२९९ रुपये. पप्पांनी मागवली. कुरिअरवाला सांगलीत विश्रामबागला घरी येऊन रोख पैसे घेऊन गेला. या भावात अस्सल १ टीबीसुद्धा येत नाही. पण लॅपटॉपला लावल्यावर विंडोजने १४.५ टीबी दाखवले, आणि खऱ्या १६ टीबीचेही तेवढेच दिसतात. शंका घेणार कोण?

२०१९ च्या महापुरात भिजलेले अल्बम वाळवून त्यांचे फोटो काढून ठेवले होते. ते टाकले, मग ताईच्या लग्नाचे व्हिडिओ, भाच्याचं बारसं. सुरुवातीचे उघडून पाहिले, व्यवस्थित होते. मग जागा व्हावी म्हणून फोनमधले पुसले.

यातली मेख अशी, की आपली क्षमता किती हे ड्राइव्ह स्वतःच सांगते आणि कॉम्प्युटर ते खरं धरतो. हा आकडा फर्मवेअरमध्येच, म्हणजे ड्राइव्हच्या आतल्या प्रोग्राममध्येच, खोटा भरलेला. प्रत्यक्षात जागा ६४ जीबी. तेवढी भरेपर्यंत सगळं सुरळीत. त्यापुढचं एकतर कुठेच लिहिलं जात नाही, नाहीतर आधीच्या फोटोंवरच लिहिलं जातं. कॉपी होताना एरर एकही नाही! फोल्डर दिसतात, फाइलचं नाव दिसतं, साइजही बरोबर. उघडायला गेलं की अर्धा फोटो करडा, नाहीतर उघडतच नाही. चोराने माल नेला आणि यादी तेवढी ठेवली.

शेवटी स्क्रूड्रायव्हरने डबा उचकटला. आत कार्ड रीडरची पट्टी, तिच्यात नखाएवढं मेमरी कार्ड, आणि वजन यावं म्हणून गोंदाने चिकटवलेला लोखंडाचा तुकडा.

‘सगळा डेटा काढून देतो, निम्मे आगाऊ द्या’ म्हणणारेही लगेच भेटले. त्यांना एक रुपया देऊ नका. जे लिहिलंच गेलं नाही किंवा ज्याच्यावर दुसरं लिहिलं गेलं, ते कुणालाच परत आणता येत नाही. आमचे जे थोडे वाचले, ते गुगल फोटोजच्या बिनमध्ये, म्हणजे पुसलेल्या फोटोंच्या कचरापेटीत. बॅकअप झालेले फोटो पुसल्यावर तिथं ६० दिवस राहतात.

नवी ड्राइव्ह आली की आधी विंडोजवर ‘एच२टेस्टडब्ल्यू’ किंवा लिनक्स-मॅकवर ‘एफ३’ चालवा. दोन्ही मोफत प्रोग्राम. ते ड्राइव्ह काठोकाठ भरतात आणि लिहिलेलं परत वाचून ताडून बघतात. वेळ लागतो, रात्रभर चालू ठेवा. तोवर फोनमधलं काही पुसायचं नाही, आणि नंतरही दुसरी प्रत दुसरीकडे असल्याशिवाय नाहीच.

तक्रारीसाठी ग्राहक हेल्पलाइन १९१५ आहे. जिल्हा ग्राहक आयोगात आपण राहतो तिथूनच अर्ज करता येतो, ५ लाखांपर्यंतच्या खरेदीला फी नाही. जाहिरातीचा स्क्रीनशॉट आणि पार्सल उघडतानाचा व्हिडिओ मात्र हवा. आमच्याकडे स्क्रीनशॉट आहे, पण जाहिरातीत नाव एक, पार्सलवर दुसरंच, आणि बिल नाही. सामनेवाला, म्हणजे ज्याच्याविरुद्ध तक्रार तो, म्हणून कुणाचं नाव घालायचं, इथेच अर्ज अडला आहे.