न्यूज प्रोड्युसर की डॉक्युमेंटरी प्रोड्युसर?

दोन्हीकडे पद प्रोड्युसरचंच, पण काम खूपच वेगळं. न्यूजमध्ये सगळं रनडाऊनवर चालतं, कुठली बातमी आधी, कुठलीला किती सेकंद, आणि बुलेटिन सुरू असतानाच काही मोठं घडलं की कंट्रोल रूममधून अँकरच्या कानात सांगत सगळा क्रम तिथल्या तिथे बदलायचा. १९८० मध्ये सीएनएनने २४ तास बातम्या सुरू केल्या, तेव्हापासून तर डेडलाइन संपतच नाही.

डॉक्युमेंटरीत महिनोन्‌महिने एकाच विषयावर. रिसर्च, माणसांचा विश्वास मिळवणं, जुन्या फुटेजचे हक्क घेणं (यात बजेट कधी उडतं कळतही नाही), मग तासन्‌तास शूट केलेल्यातून तासाभराची गोष्ट काढायची. पैसे मात्र प्रोजेक्ट मिळाला तरच, न्यूजमध्ये निदान पगार असतो.

फ्रेड फ्रेंडली या अमेरिकन प्रोड्युसरने दोन्ही केलं, डॉक्युमेंटरी करत करत तिथल्या सीबीएस चॅनलच्या न्यूज विभागाचा प्रमुख झाला आणि १९६६ मध्ये व्हिएतनाम युद्धावरची अमेरिकन सिनेटची सुनावणी लाइव्ह न दाखवता चॅनलने जुनी कॉमेडी पुन्हा लावली म्हणून राजीनामा दिला. मला हा माणूस फार मोठा वाटतो.

माझं मत विचाराल तर आधी दोन-तीन वर्षं न्यूज करा, फॅक्ट तपासायची सवय तिथेच लागते, मग डॉक्युमेंटरीकडे वळा.