ठिपका चुकतोय की नकाशा? नवा फोन घेण्याआधीची तुलना

दाजींची गाडी देवदर्शनाची. पुण्या-मुंबईचे पाहुणे सोलापूर स्टेशनवर उतरतात, त्यांना अक्कलकोट, तुळजापूर, पंढरपूर आणि वेळ उरला तर गाणगापूर करून आणायचं. हे रस्ते दाजींना पाठ आहेत. घोडं अडतं ते शहरातल्या शहरात. जुळे सोलापुरातल्या एखाद्या सोसायटीचं मागचं गेट, कन्ना चौकाजवळच्या बोळातलं घर, पाहुण्यांनी पाठवलेलं अर्धवट लोकेशन. मे महिन्यात एकदा ते पार वैतागून घरी आले. "फोन चुकतंय की ओ सारखं. सरळ नवा घेऊ, का ते ब्लूटूथचं जीपीएस मिळतं ते घेऊ?"

मी म्हटलं, दाजी, दोन्ही थांबवा आठ दिवस. आधी चूक कोणाची ते बघू.

कारण 'जीपीएस चुकतंय' या दोन शब्दांखाली आपण तीन वेगळी दुखणी सांगतो. एक, फोनला स्वतःचं ठिकाणच नीट कळत नाही. दोन, ठिकाण बरोबर आहे, पण नकाशातला रस्ता किंवा पत्ता चुकीचा आहे. तीन, दोन्ही बरोबर आहेत, पण शेजारी-शेजारी दोन रस्ते असल्याने आपण कुठल्या रस्त्यावर आहोत याचा अ‍ॅपचा अंदाज चुकतो. पहिल्या दुखण्यावर नवा फोन कदाचित औषध असेल. दुसऱ्यावर अजिबात नाही. तिसऱ्यावर थोडंफार.

ओळखायची रीत सोपी आहे. होम मैदानासारख्या मोकळ्या जागेशेजारी गाडी थांबवा, नेव्हिगेशन बंद करा, नकाशा उपग्रह-चित्राच्या रूपात बघा. नेव्हिगेशन बंद करायचं ते मुद्दाम, कारण ते चालू असताना अ‍ॅप निळा ठिपका ओढून जवळच्या रस्त्यावर नेऊन बसवतं आणि फोनची खरी चूक झाकली जाते. आता ठिपका तुम्ही उभे आहात तिथेच दिसतो का, आणि त्याभोवतीचं फिकट वर्तुळ केवढं आहे? वर्तुळ लहान आणि ठिपका जागेवर असेल तर फोन निर्दोष. अमेरिकी सरकारच जीपीएस चालवतं, आणि त्यांच्याच माहितीप्रमाणे उघड्या आभाळाखाली स्मार्टफोन साधारण 4.9 मीटरच्या आत ठिकाण सांगतो. म्हणजे पाचेक मीटरचा फरक हा बिघाड नव्हे, तो त्या यंत्रणेचा स्वभाव आहे. महामार्ग आणि त्याला चिकटून जाणारा सर्व्हिस रोड यांच्यात कधीकधी एवढंच अंतर असतं. उड्डाणपूल आणि त्याखालचा रस्ता यांच्यात तर नकाशावर अंतरच नसतं.

दाजींच्या फोनचा ठिपका मैदानाशेजारी अगदी जागेवर होता. मग चार पर्याय समोर ठेवून बोललो.

पहिला पर्याय फुकटचा: सेटिंग. अँड्रॉइडवर प्रत्येक अ‍ॅपला 'प्रिसाइज लोकेशन' द्यायचं की अंदाजे, हे वेगळं ठरवता येतं. अंदाजे ठेवलं तर फोन तुम्हाला जवळजवळ 3 चौरस किलोमीटरच्या पट्ट्यात कुठेतरी दाखवतो. पार्क चौकात उभं राहून तुम्ही नवी पेठेतही असू शकता आणि लष्करातही. आयफोनमध्येही प्रत्येक अ‍ॅपखाली हेच बटण आहे. परवानगी विचारताना घाईत चुकीचं दाबलं गेलं, की वर्षभर माणूस फोनला शिव्या देतो. दुसरं, लोकेशन सर्व्हिसेसमधलं 'गूगल लोकेशन अ‍ॅक्युरसी' चालू हवं. त्यात उपग्रहांच्या जोडीला आजूबाजूचे वायफाय, मोबाइल टॉवर आणि फोनमधले सेन्सरही वापरले जातात. तिसरं, बॅटरी सेव्हर. चार्ज वाचवायला तो लावला की स्क्रीन बंद असताना ठिकाण कळणं थांबू शकतं, आणि काही कंपन्यांचे फोन तर मागे चालणारं अ‍ॅपच गुपचूप बंद करतात. नकाशाच्या अ‍ॅपला बॅटरीच्या यादीत 'अनरिस्ट्रिक्टेड' करून टाका. दाजींच्या फोनात नेमकं हेच निघालं. चार्ज 20 टक्क्यांवर आला की सेव्हर आपोआप चालू, आणि संध्याकाळच्या भाड्याला ठिपका गोठलेला.

याच सदरात होकायंत्राचं एक प्रकरण येतं, त्याचा बाऊ फार होतो. फोन हवेत इंग्रजी आठच्या आकड्यासारखा फिरवा, हा सल्ला सगळे देतात. चुकीचा नाही, पण त्याचा उपयोग गाडी उभी असतानाच. गाडी चालू लागली की अ‍ॅप दिशा ठरवतं ती मुख्यतः सरकत्या ठिकाणांवरून. म्हणून सात रस्त्याला उभे असताना बाण उलटा दिसला तरी पन्नास पावलं पुढे गेल्यावर तो सरळ होतो. चुंबकाच्या होल्डरमुळे होकायंत्र बिघडतं हे खरं. उपग्रहाचा सिग्नल त्याने अडत नाही.

आणि निघताना अर्धा मिनिट धीर धरा. प्रत्येक उपग्रह आपल्या कक्षेचा तपशील सेकंदाला 50 बिट्स अशा मुंगीच्या चालीने पाठवतो, एक फेरी 30 सेकंदांची. इंटरनेट असेल तर फोन तोच तपशील नेटवरून क्षणात उचलतो. तळघरातल्या पार्किंगमध्ये, रेंज नसताना, गाडी काढता काढता पत्ता टाकला, की पहिली दोन वळणं हुकलीच म्हणून समजा.

दुसरा पर्याय काहीशे रुपयांचा: जागा आणि गारवा. सोलापूरच्या उन्हाळ्याबद्दल सोलापूरकराला काय सांगायचं! पण फोनच्या बाबतीत आपण ते विसरतो. काचेखाली डॅशबोर्डवर, चार्जिंगला लावलेला, स्क्रीन पूर्ण उजेडावर: मे महिन्यात दुपारी दोनला याहून मोठी शिक्षा नाही. तापलेला फोन आधी स्क्रीन मंद करतो, मग चार्जिंग थांबवतो, मग एकूणच संथ होतो. ठिपका मागे पडतो आणि 'डावीकडे वळा' हे वळण गेल्यावर ऐकू येतं. आयफोन 0 ते 35 अंश तापमानात वापरावा असं अ‍ॅपल स्वतःच सांगतं. आपल्याकडे 35 म्हणजे एप्रिलमधली सकाळ. फार तापला तर तो स्क्रीन बंद करून नुसत्या आवाजावर रस्ता सांगत राहतो. यावर उपाय म्हणजे एसीच्या जाळीला अडकवायचा होल्डर. थंड हवा थेट फोनच्या पाठीला लागते. फक्त गाडीच्या काचेला धातूचा अंश असलेली फिल्म असेल तर सिग्नल क्षीण होतो, मग मात्र फोन काचेच्या ज्या भागाला फिल्म नाही त्याच्या जवळ ठेवावा लागतो. आमच्या दाजींचा फोन गिअरशेजारच्या खणात, जाड धातूच्या कव्हरात असायचा. हातात धरून बघण्यापेक्षा बरं, एवढंच. वाहन नियमांप्रमाणेही गाडी चालवताना फोन वापरायची मुभा फक्त रस्ता बघण्यापुरती आहे, तीही लक्ष विचलित होणार नाही अशा रीतीने.

तिसरा पर्याय: अ‍ॅप बदलणं. इथे मी जरा रेंगाळणार आहे, कारण सोलापुरात खरा घोळ इथेच आहे. मुंबईत उंच इमारतींवर आदळून सिग्नल फिरतो, फोन गोंधळतो. आपल्याकडे तेवढ्या उंच इमारती आहेत कुठे? मंगळवार पेठ किंवा मधला मारुती भागातल्या गल्ल्या सोडल्या तर आभाळ भरपूर दिसतं. आपल्याकडे चुकतो तो नकाशा. केगाव-हत्तूर बाह्यवळण माहीत नसलेला जुना नकाशा विजापूरच्या बाजूला जाणाऱ्याला अजूनही शहराच्या पोटातून काढतो. गड्ड्याच्या, म्हणजे सिद्धेश्वर यात्रेच्या, दिवसांत तर विचारू नका. जानेवारीत सात नंदीध्वज 68 लिंगांच्या प्रदक्षिणेला निघतात, रस्ते बंद होतात, वाहतूक वळवतात, आणि अ‍ॅप मात्र शांतपणे तुम्हाला मिरवणुकीत नेऊन सोडतं. यात फोनचा काय दोष?

गूगल मॅप्स मी पहिल्या पसंतीला ठेवतो ते वाहतुकीच्या ताज्या माहितीमुळे, आणि दुकानांची, कार्यालयांची नावं त्यात जास्त असतात म्हणून. त्याची खोड एकच, मिनिटभर वाचवायला बोळात घालतं. दुचाकीची पद्धत चुकून निवडलेली राहिली असेल तर विचारायलाच नको, ते वर बघून घ्या. मॅपल्स हे देशी अ‍ॅप महामार्गावर मला आवडतं: पुढचा जोडरस्ता चित्रासारखा दाखवतं, त्यामुळे पुलावर चढायचं की खालून जायचं हे डोळ्यांना कळतं. वरच्या-खालच्या रस्त्याचा जो घोळ उपग्रहाला सुटत नाही, तो असा चित्राने सुटतो. ऑरगॅनिक मॅप्स आणि ऑसमँड ही ओपनस्ट्रीटमॅप या लोकांनी मिळून बनवलेल्या नकाशावर चालतात, नेट नसताना उत्तम. अक्कलकोट-गाणगापूरच्या बाजूला रेंज गेली की हात देतात, पण वाहतुकीची खबर त्यांच्याकडे नसते. गूगलचाही नकाशा आधी डाउनलोड करून ठेवता येतो, तेवढं केलंत तरी पुष्कळ.

पत्त्यासाठी मात्र कुठल्याच अ‍ॅपवर विसंबू नका. पाहुण्यांना टाइप केलेला पत्ता मागू नका, ते गेटवर उभे असताना तिथूनच पिन मागा. टपाल खात्याचा डिजिपिन मे 2025 पासून आहे. दहा अक्षरांचा संकेत, साधारण 4 बाय 4 मीटरचा चौकोन. गल्लीतल्या नेमक्या दारापर्यंत पोचायला त्याहून नेमकं काय हवं? आणि जिथे नकाशाच चुकतो तिथे चूक अ‍ॅपमध्येच कळवा. नोव्हेंबर 2024 मध्ये बरेलीजवळ नकाशाच्या भरवशावर निघालेली गाडी अर्धवट पुलावरून खाली गेली, तिघे दगावले. ठिपका तिथेही बरोबरच असेल.

चौथा पर्याय पैशांचा, आणि दाजींचा जीव त्यातच अडकलेला: नवा फोन, गाडीचा स्टिरिओ, किंवा ब्लूटूथने फोनला जोडायचा वेगळा जीपीएस रिसीव्हर.

फोन घ्यायचाच तर जाहिरातीत एकच गोष्ट शोधा, 'ड्युअल फ्रिक्वेन्सी' किंवा एल5. साधा फोन उपग्रहाचा एल1 हा एकच सिग्नल ऐकतो, ड्युअलवाला जोडीला एल5 हा दुसराही. एल5 ची स्पंदनं दहापट वेगाची असतात, त्यामुळे भिंतीवर आपटून उशिरा आलेला सिग्नल फोनला थेट सिग्नलपासून वेगळा काढता येतो. अशी सोय असलेला पहिला फोन शाओमीचा मी 8, 2018 चा. आयफोनमध्ये ती 14 प्रोपासून आली. नुसतं 'नाविक आहे' एवढ्यावर भुलू नका. जीपीएससारखी ही भारताची, आपलीच यंत्रणा म्हणून अभिमान आहेच, पण तिच्या काही उपग्रहांची अणुघड्याळं बंद पडली आणि जानेवारी 2025 मध्ये सोडलेला एनव्हीएस-02 ठरल्या कक्षेत पोचू शकला नाही. असलेल्या फोनात एल5 आहे का, हे जीपीएसटेस्ट नावाच्या अ‍ॅपमध्ये उपग्रहांच्या यादीत दिसतं. विकत घेण्याआधी दुकानाच्या दारात, आभाळाखाली उभं राहून ते बघता येतं. दुकानदार कंटाळतो, कंटाळू द्या.

स्टिरिओचं माझ्याच गाडीत घडलं. केबल लावून अँड्रॉइड ऑटो चालू केलं की ठिपका आसरा चौकात, मी प्रत्यक्षात डफरीन चौकात. केबल काढली की फोन शहाण्यासारखा जागेवर. गाडी आपलं ठिकाण देत असेल तर फोन तेच खरं मानतो, आणि बसवणाऱ्याने स्टिरिओचा जीपीएस अँटेना पत्र्यामागे कोंबून ठेवला होता. डबी बाहेर काढून डॅशच्या वरच्या कडेला चिकटवली, वायर लपवली, विषय संपला. उलट, कंपनीची मूळ यंत्रणा नीट असेल तर ती फोनपेक्षा सरस ठरते: अँटेना छतावर, शिवाय काही गाड्यांत चाकांच्या वेगाचा आधार असल्याने रेल्वेच्या पुलाखालीही ठिपका अडखळत नाही. तुमची चूक केबल लावल्यावरच दिसते का, हे बघायला दहा सेकंद लागतात.

ब्लूटूथ रिसीव्हरबद्दल थोडक्यात: नको. चांगल्या जातीचा सेकंदाला दहा वेळा ठिकाण सांगतो, फोन सहसा एकदाच, हे मान्य. पण अँड्रॉइडवर त्यासाठी डेव्हलपर ऑप्शन्समध्ये जाऊन 'मॉक लोकेशन' अ‍ॅप, म्हणजे बाहेरून आलेलं ठिकाण फोनला मानायला लावणारं अ‍ॅप, निवडावं लागतं, तो वेगळा चार्ज करावा लागतो, आणि नकाशा चुकीचा असेल तर तो तुम्हाला चुकीच्या बोळात अधिक अचूकपणे नेतो. शेताची मोजणी किंवा ड्रोनवाल्यांचं काम असेल तर वेगळी गोष्ट.

आता कोणी काय घ्यावं. फक्त शहरात फिरणाऱ्याने सेटिंग आणि जाळीचा होल्डर, बस्स. बाहेरगावची भाडी मारणाऱ्याने त्यात दोन अ‍ॅप आणि डाउनलोड केलेला नकाशा वाढवावा. ज्याचा फोन मोकळ्या आभाळाखालीही वर्तुळ आवळत नाही, त्याने आधी कव्हर काढून, फोन रीस्टार्ट करून बघावं आणि मगच पाकिटाला हात घालावा. पुण्या-मुंबईत नेहमी जाणं असेल तर मात्र एल5 चे पैसे वसूल होतात, कारण ती इमारतींची दुनिया.

दाजींनी होल्डर घेतला, सेव्हर बंद केला, धातूचं कव्हर भाच्याला दिलं. नवा फोन दिवाळीत बघू म्हणाले. गड्ड्यात मात्र अजूनही ते अ‍ॅप उघडत नाहीत, बाळीवेशीतल्या एका पानवाल्याला फोन लावून विचारतात, नंदीध्वजांच्या काठ्या कुठवर आल्या म्हणून.