आयनॅचरलिस्ट : भोवतालच्या जीवसृष्टीची सामायिक नोंदवही

सुमारे १० लाख प्रजाती नामशेष होण्याच्या छायेत आहेत, असा अंदाज २०१९ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या पाठबळावर झालेल्या जागतिक मूल्यांकनात मांडला गेला. परंतु ज्या जिवाचे नावही आपल्याला ठाऊक नसते, त्याचे नाहीसे होणे आपल्या लक्षात येत नाही. ही उणीव भरून काढण्यास आयनॅचरलिस्ट हे विनामूल्य अ‍ॅप खरोखर मदत करते. २००८ मध्ये विद्यार्थ्यांच्या प्रकल्पातून त्याचा आरंभ झाला आणि आज ते ना-नफा संस्था चालवते.

दिसलेल्या जिवाचे छायाचित्र त्यावर चढवताच संगणकीय प्रणाली संभाव्य नावे सुचवते, पण केवळ तेवढ्यावर नोंद पक्की होत नाही. तारीख, ठिकाण आणि पुरावा असलेल्या वन्य जिवाच्या ओळखीवर दोन-तृतीयांशांहून अधिक ओळखकर्त्यांचे एकमत झाले, तरच तिला संशोधनयोग्य दर्जा मिळतो. दूरवरचा एखादा जाणकार आपली चूक शांतपणे दुरुस्त करतो, तेव्हा पानाच्या शिरांकडे आणि पंखांच्या कडांकडे पाहण्याची नजरच बदलते. मला हा या सेवेचा सर्वांत मोठा लाभ वाटतो. संकटग्रस्त प्रजातींचे नेमके ठिकाण झाकले जाते, हेही योग्यच आहे.

मर्यादाही आहेत. माणसांचा वावर जिथे अधिक, तिथेच नोंदी दाट असतात, त्यामुळे नकाशावरील रिकामी जागा म्हणजे प्रजातींचा अभाव असे समजू नये. शिवाय अनेक लहान कीटकांची निश्चित ओळख सूक्ष्मदर्शकाविना पटत नाही. म्हणून मी सर्वसामान्य, रोजच्या दिसण्यातल्या जिवांच्याच नोंदी अधिक करतो, कारण त्यांची घट सर्वांत उशिरा ध्यानात येते.