४३ इंची टीव्ही: खोक्यातले पाय, मधला स्टँड की भिंत?

टीव्हीच्या खोक्यात दोन पाय मिळतात. भिंतीची पट्टी बहुधा बसवायला येणारा माणूस सोबत आणतो. तिसरा पर्याय मात्र विचारल्याशिवाय कोणी सांगत नाही. तो म्हणजे पाठीमागच्या चार भोकांवर बसणारा आणि खाली एकाच रुंद पाट्यावर उभा राहणारा मधला स्टँड. आमच्या घरी तिन्ही वापरून झालेत.

भिंतीवर टीव्ही दिसतो झकास, त्यात वाद नाही. टेबल मोकळं राहतं, आणि रांगतं-चढतं पोर घरात असेल तर मी दुसरं काही सुचवणारच नाही. फ्लॅटची काँक्रीटची किंवा पक्क्या विटेची भिंत असेल तर काम चुटकीसरशी होतं. आमचं घर पेठेतलं, जुनं. सोप्याची, म्हणजे बाहेरच्या खोलीची, भिंत दगडमातीची, वर गिलावा. ड्रिल लावलं की भोक पडण्याआधी पोपडा हातात येतो आणि ठोकलेली गिट्टी बोटानं फिरते. शेवटी प्लायवूड मारून त्यावर पट्टी बसवली. ती टिकली, पण सेट-टॉप बॉक्सची वायर सैल झाली की फटीत हात घालून चाचपडत बसायचं.

खोक्यातल्या पायांना वेगळा पैसा पडत नाही आणि ते दिसायलाही सुटसुटीत असतात. फक्त ते दोन टोकांना असतात. ४३ इंची टीव्ही साधारण ९६ सेंमी रुंद भरतो आणि पायांमधलं अंतर बऱ्याच मॉडेलांत पाऊण मीटरच्या आसपास किंवा जास्तच असतं. तेवढं लांब टेबल असेल तर हेच वापरा, उगाच खर्च कशाला? पाय बुटके असले तर पुढं ठेवलेला साउंडबार रिमोटचा डोळा झाकतो, तेवढं बघून घ्या.

माझ्यापुरता निकाल लागला तो गौरी-गणपतीत. सोप्यात टीव्हीचा कोपरा तोच गणपतीचा कोपरा, त्यामुळे दरवर्षी टीव्ही माजघरात जातो. भिंतीवरून उतरवलेल्या टीव्हीला उभं राहायला पायच नसतात, तो ट्रंकेला टेकवून ठेवायचा आणि पोरांवर ओरडत राहायचं. पायांचा टीव्ही ट्रंकेवर मावत नाही, कारण पाय ट्रंकेच्या बाहेर. म्हणजे पाय काढणं आलं. पलंगावर वाकळ अंथरा, दोघांनी मिळून टीव्ही पालथा घाला, काचेवर बोटाचाही दाब येऊ देऊ नका, खालचे स्क्रू काढा, डावा-उजवा पाय वेगळा ठेवा. विसर्जनानंतर पुन्हा तेच. कितीतरी टीव्हींत हे स्क्रू थेट प्लॅस्टिकमध्ये बसतात. काढ-घाल करून आटे ढिले होतात, आणि मग टीव्ही एका बाजूला किंचित कलतो. ते कलणं एकदा डोळ्यांत बसलं की बातम्या ऐकू येत नाहीत, तेवढी कडाच दिसते.

मधल्या स्टँडसकट टीव्ही दोघांनी दोन बाजूंनी उचलायचा आणि ट्रंकेवर ठेवायचा. वायरी सोडल्या तर काहीच सोडावं लागत नाही. कोल्हापूर-सांगलीकडच्या २०१९ आणि २०२१ च्या महापुरात तळमजल्याचं सामान घाईघाईनं माडीवर चढवलेल्यांना यातलं सुख वेगळं सांगायला नको.

दोष यातही आहेत. टीव्ही थोडा उंच बसतो. दार आपटलं की किंचित डुलतो. गोल फिरणारा प्रकार घेतला तर मधला नट अधूनमधून आवळावा लागतो, म्हणून मला न फिरणाराच बरा वाटतो. काही स्टँडच्या उभ्या पट्ट्या नेमक्या एचडीएमआयच्या तोंडावर येतात. घेण्याआधी मागच्या भोकांमधलं अंतर मोजा, या मापाच्या टीव्हींना बऱ्याचदा २०० बाय २०० मिमी असतं. बोल्ट कितीचा लागतो ते माहितीपत्रकात बघा, कुठे एम४ तर कुठे एम६. लांबी जास्त झाली तर बोल्ट आतल्या भागावर टेकतो, म्हणून हातानं सहज फिरतोय तोवरच फिरवा आणि अडला तर जोर लावू नका. भोकं खोलगट असतील तर सोबत मिळणारे स्पेसर (बोल्टवर चढवायच्या छोट्या नळ्या) घाला.

दुकानात गेलात तर “भिंतीलाच मारा की साहेब, कशाला टेबल अडवताय?” हे ऐकावं लागेल. हसून स्टँडच दाखवायला सांगा. मापाचा मिळाला नाही तर कोल्हापूरच्या उद्यमनगरात लोखंडी पाटा कापून, वेल्डिंग करून देणारे आहेत. खाली रबराचे बूट तेवढे आठवणीनं लावून घ्या, नाहीतर टेबलावर चरे पडतात. खोक्यातले पाय स्क्रूसकट पिशवीत बांधून ठेवा, एक्स्चेंजच्या वेळी मागतात.

५५ इंच किंवा त्याच्या पुढचा टीव्ही असेल तर मात्र मीही दोनदा विचार करीन. तेवढं धूड एका पाट्यावर उभं करायचं तर पाटाही तसाच रुंद आणि जड हवा, आणि मग उचलायला सोपा हा त्याचा मुख्य गुणच उरत नाही.