क्रुक्स यांचे छायाचित्र आणि आत्याची मुदत ठेव

माझी आत्या आयुष्यभर माध्यमिक शाळेत विज्ञान शिकवत होती. यजमान गेल्यानंतर पत्रिका, अंगारे आणि शांतीविधी घेऊन आलेल्या सगळ्यांना तिने उंबऱ्याबाहेरूनच वाटेला लावले होते. अशा बाईला मृत पतीशी संवाद घडवून देतो असे सांगून एका मंडळाने वर्षभरात पावणेचार लाख रुपये काढले. वाद अजून मिटलेला नसल्यामुळे मंडळाचे नाव येथे देत नाही. मात्र त्यांची पद्धत सविस्तर लिहितो, कारण जी माणसे बुवाबाजीला कधीच फसत नाहीत, त्यांच्यासाठीच ती बेतलेली आहे.

त्या जागेत लिंबू, धूप, देवाची तसबीर असे काहीही नव्हते. भिंतीवर विल्यम क्रुक्स, आल्फ्रेड रसेल वॉलेस, भौतिकशास्त्रज्ञ ऑलिव्हर लॉज आणि हेन्री सिज्विक यांची छायाचित्रे होती. मंडळाचे प्रमुख, ज्यांना सगळे ‘सर’ म्हणत, प्रत्येक नवीन सभासदाला आधी व्याख्यान देत. १८८२ साली लंडनमध्ये ‘सोसायटी फॉर सायकिकल रिसर्च’ ही संस्था स्थापन झाली, केंब्रिजचे तत्त्वज्ञ सिज्विक तिचे पहिले अध्यक्ष होते, थॅलियम हे मूलद्रव्य शोधणाऱ्या क्रुक्स यांनी माध्यमांवर, म्हणजे मृतांचे निरोप आणून देतो म्हणणाऱ्या व्यक्तींवर, प्रयोग केले आणि डार्विनबरोबर नैसर्गिक निवडीचा सिद्धान्त मांडणाऱ्या वॉलेस यांचा मृतात्म्यांवर विश्वास होता, असे ते सांगत. यातला शब्द न् शब्द खरा आहे. आत्याने घरी येऊन ही नावे विश्वकोशात पडताळून पाहिली, ती बरोबर निघाली आणि तिची उरलीसुरली शंका फिटली. सर जेथे थांबत, त्याच्या पुढचा भाग तिला कोणी सांगितला नाही.

क्रुक्स यांनी १८७४ मध्ये फ्लॉरेन्स कुक या तरुण माध्यमाच्या बाजूने साक्ष दिली होती. तिच्या बैठकीत ‘केटी किंग’ नावाचा आत्मा सदेह प्रकट होतो, असे मानले जाई. पुढे १८८० मध्ये जॉर्ज सिटवेल यांनी तिच्या बैठकीत फिरणाऱ्या आत्म्याला हाताने धरून ठेवले, तेव्हा हातात सापडली ती स्वतः कुकच. वॉलेस यांनी १८७६ मध्ये हेन्री स्लेड या पाटीवर आत्म्यांचे लेखन उमटवणाऱ्या अमेरिकन माध्यमासाठी लंडनच्या न्यायालयात साक्ष दिली. रे लँकेस्टर या प्राणिशास्त्रज्ञाने आत्म्याला लिहायला वेळ मिळण्याआधीच पाटी हिसकावून घेतली होती आणि तिच्यावर मजकूर तयार होता. स्लेडला तीन महिन्यांची सक्तमजुरी झाली. अपिलात तो तांत्रिक मुद्द्यावर सुटला आणि देश सोडून गेला. या साऱ्या चळवळीची सुरुवात १८४८ मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्या ज्या फॉक्स भगिनींच्या ‘टकटक’ आवाजांपासून झाली, त्यांच्यापैकी मार्गारेटने १८८८ मध्ये भर सभेत आवाज पायाच्या बोटांचे सांधे मोडून काढत असल्याचे दाखवले. वर्षभराने तिने कबुलीजबाब मागे घेतला हेही खरे, पण सांध्यांचे आवाज सभेने ऐकले होते.

सिज्विक यांच्या संस्थेवर मात्र मी राग धरणार नाही. ती माणसे प्रामाणिक होती, आणि त्यांचे सर्वांत उपयोगी काम नेमके आमच्या सरांच्या धंद्याच्या विरोधात जाणारे आहे. एस. जे. डेव्ही या त्यांच्या एका सभासदाने पाटीलेखनाच्या युक्त्या स्वतः शिकून घेतल्या आणि लोकांना बैठकीला बोलावून, पाहिलेले सगळे नंतर लिहून द्यायला सांगितले. रिचर्ड हॉजसन यांच्यासह त्याने हे १८८७ मध्ये प्रसिद्ध केले. सुशिक्षित साक्षीदारांनी लिहिलेल्या वृत्तान्तांत, जेथे हातचलाखी झाली तो क्षणच गायब होता. पाटी एकदाही नजरेआड झाली नाही, असे ते खात्रीने लिहीत होते. डेव्हीने ही निव्वळ हातचलाखी असल्याचे सांगितल्यावरही काहींना ते पटले नाही.

हे वाचताना मला मंडळाची ‘अनुभव नोंदवही’ आठवली. बैठक लाल मंद दिव्यात होई, ध्वनिमुद्रणाला सक्त मनाई असे आणि संपताच प्रत्येकाने आपला अनुभव वहीत लिहून सही करायची असे. आत्याने लिहिले होते की माध्यमाने यजमानांचे घरातले नाव आपणहून सांगितले. मी तिच्या शेजारी बसलो होतो. प्रत्यक्षात माध्यम बाई म्हणाल्या, “अ किंवा आ असे काहीतरी ऐकू येते आहे, घरातले नाव असावे,” त्यावर आत्याच्या तोंडून “अप्पा?” असे निघून गेले आणि बाईंनी “हो, अप्पाच म्हणतात” एवढेच केले. आत्या खोटे लिहीत नव्हती. तिला तसेच आठवत होते. याला त्या काळचे संशोधक गळ टाकणे म्हणत. बॉस्टनच्या लिओनोरा पायपर या, कधी रंगेहाथ न सापडलेल्या माध्यमाच्या बैठकींतही हा प्रकार त्यांनी नोंदवला आहे. तिच्यातून बोलणारा ‘डॉ. फिन्युइट’ नावाचा आत्मा स्वतःला फ्रेंच वैद्य म्हणवी, पण त्याला फ्रेंच धड येत नसे.

बाकीची माहिती गळ न टाकताच मिळत होती. नावनोंदणीच्या अर्जात मृत व्यक्तीचा आजार, निधनाची तारीख आणि ‘संवादात अपेक्षित असलेले अन्य नातेवाईक’ असे रकाने होते. उरलेले वर्तमानपत्रातल्या श्रद्धांजलीच्या जाहिरातीत आणि आतेभावाच्या फेसबुक पानावर होतेच.

पहिल्या काही बैठका विनामूल्य झाल्या, नंतर शुल्क सुरू झाले, आणि मग अप्पांनी स्वतःच ‘संशोधन निधी’ला हातभार लावण्याची इच्छा व्यक्त केली. आत्याने मुदत ठेव मोडली ती या निरोपावर. १८६६ मध्ये लंडनमध्ये हेच घडले होते. जेन लायन या पंचाहत्तरीच्या श्रीमंत विधवेला डॅनियल डंग्लस होम या माध्यमामार्फत दिवंगत पती चार्ल्स यांचे निरोप येऊ लागले, आणि निरोप असा की होमला मुलगा मानून संपत्ती द्यावी. तिने आधी २४,००० आणि पुढे मिळून सुमारे ६०,००० पौंड दिले. होम युक्ती करताना कधी पकडला गेला नाही, हे सर आवर्जून सांगत. १८६८ मध्ये न्यायालयाने त्याला ही संपत्ती परत करायला लावली, हे त्यांच्या व्याख्यानात नसे.

मी सरांची परीक्षा घेतली ती पायपर बाईंच्याच प्रकरणावरून सुचली. १९०९ मध्ये मानसशास्त्रज्ञ स्टॅन्ली हॉल यांनी तिच्या बैठकीत बेसी बील्स नावाच्या मृत भाचीला बोलावण्याची विनंती केली होती, आणि अशी कोणी भाची कधी जन्मालाच आली नव्हती. तरीही ती आली. मी सुमनमावशीबद्दल विचारले. आमच्या घराण्यात या नावाची मावशी नाही. माध्यम बाईंनी क्षणभर डोळे मिटले आणि सांगितले की सुमनमावशी अप्पांच्या शेजारीच उभ्या आहेत आणि गुडघ्यांचा त्रास आता राहिलेला नाही असे म्हणत आहेत. आत्याने माझ्याकडे पाहिले. ती काहीच बोलली नाही, पण त्यानंतर तिने एक रुपयाही दिला नाही. सरांनी नंतर खुलासा केला की खालच्या पातळीवरचे खोडकर आत्मे कधीकधी वेषांतर करून येतात. १८९५ मध्ये केंब्रिजला युसापिया पॅलाडिनो ही इटालियन माध्यम बैठकीत इतरांनी धरलेला हात गुपचूप सोडवून घेताना सापडली, तेव्हाही तिच्या कैवाऱ्यांकडे सबबी तयारच होत्या.

आता पैशांविषयी. पावत्यांवर ‘ऐच्छिक देणगी’ असा शिक्का होता, आणि पोलिस ठाण्यात तक्रार देताना तोच आडवा आला. भारतीय न्याय संहितेचे फसवणुकीचे ३१८ वे कलम लागू व्हायचे, तर सुरुवातीपासून लबाडीचा हेतू दाखवावा लागतो. महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यात तथाकथित चमत्कार दाखवून पैसे कमावण्याला मनाई आहे, पण मंडळाचे म्हणणे असे की आम्ही चमत्कार नव्हे तर संशोधन करतो. वकिलांनी दाखवलेला मार्ग लायन बाईंच्या खटल्याशी नाते सांगणारा निघाला. १८७२ च्या भारतीय करार कायद्याचे १६ वे कलम अनुचित प्रभावाचे आहे. वय, आजार किंवा मानसिक क्लेश यांमुळे खचलेल्या माणसाच्या मनावर दुसऱ्याचा ताबा असेल आणि व्यवहार उघडच अन्यायकारक असेल, तर तो दबावाखाली झाला नाही हे सिद्ध करण्याची जबाबदारी घेणाऱ्यावर येते. होमच्या खटल्यातही न्यायाधीश गिफर्ड यांनी देणगी मुक्त मनाने मिळाल्याचे सिद्ध करण्याचा भार होमवरच टाकला होता.

नोटीस गेल्यावर मंडळाने दीड लाख परत केले आणि उरलेल्या रकमेबाबत हात वर केले. आमच्याजवळ पावत्या, बँकेचे उतारे, नावनोंदणीच्या अर्जाची छायाप्रत आणि अप्पांची इच्छा कळवणारा सरांचा व्हॉट्सॲप संदेश आहे. वकिलांच्या मते यात सर्वांत वजनदार कागद तो संदेशच आहे, म्हणून ज्यांनी अशा ठिकाणी पैसे दिले असतील त्यांनी रागाच्या भरात फोनमधले काहीही पुसून टाकू नये. अनुभव नोंदवही मंडळाच्याच ताब्यात असल्यामुळे ती हजर करण्याचा अर्ज आम्ही दाव्यासोबत देणार आहोत.