अपिलासाठी वकील केलेले, आमचा अनुभव (४ स्टार)

काकांना कलम ३२४ मध्ये (हत्यारानं दुखापत) खालच्या कोर्टात शिक्षा लागली, बांधावरनं मारामारी झालेली. आधीचा वकील म्हणायचा काय टेन्शन घेऊ नका, साक्षीदार एकच आहे आणि तो पण फिर्यादीच, अपिलात उडतंय. ह्या वकील मॅडमनी पहिल्याच भेटीत ते स्वप्न मोडलं 😅 म्हणाल्या जुन्या पुरावा कायद्यात कलम १३४ होतं (नव्या कायद्यात १३९), साक्षीदारांची अमुक संख्या लागतेच असं नाही, आणि जखमी माणसाच्या साक्षीला तर जास्तच वजन. एकटा साक्षीदार पूर्ण विश्वासार्ह वाटला तर तेवढ्यावर शिक्षा होते, अर्धवट वाटला तरच कोर्ट दुसरा आधार शोधतं, हे सुप्रीम कोर्टानं १९५७ मध्येच वडिवेलू थेवर केसमध्ये सांगितलंय.

मग सगळ्या नकला टेबलावर पसरून पेन्सिलीनं खुणा करत बसल्या. फिर्यादी म्हणतो कोयत्यानं वार केला, डॉक्टरच्या सर्टिफिकेटवर मात्र मुका मार, बोथट वस्तूनं, आणि कोयता जप्तीचे दोन्ही पंच फितूर. म्हणजे मारलं ह्याला आधार आहे पण कोयत्याला नाही. सेशन कोर्टात नेमकं तेवढंच धरून बोलल्या, ३२४ चं ३२३ (हत्याराशिवाय साधी दुखापत) झालं, दंडावर भागलं. निर्दोष नाही सुटले, पण खोटी आशा पण नव्हती दाखवली.

एक स्टार कापला कारण फोन उचलत नाहीत आणि झेरॉक्सचे पैसे वेगळे लावतात, ते पण तारखेच्या दिवशी सकाळी सांगतात.